पहाऱ्यातला एक शिपाई जास्त : नागपूरचे अप्पासाहेब, तोतये आणि ओळख ठरवण्याचा अधिकार

१/२४
१८१८ सालच्या मे महिन्यातील १२ आणि १३ या तारखांमधली रात्र. नागपूरचे पदच्युत राजे अप्पासाहेब भोसले यांना कंपनीच्या पहाऱ्यात अलाहाबादेकडे नेले जात होते. मुक्काम जबलपूरजवळच्या रायचूर या गावी पडला होता. रात्री पहारा बदलला. परतणाऱ्या शिपायांबरोबर शिपायाच्याच गणवेशातला आणखी एक माणूस बाहेर पडला आणि अंधारात नाहीसा झाला. शय्येवर राजे निजले आहेत असा देखावा मागे ठेवलेला होता. तो उघडकीस आला तेव्हा कैदी दूर निघून गेला होता.

२/२४
जुन्या कृष्णधवल हेरपटांच्या रसिकांना हा प्रसंग परका वाटणार नाही. वेशांतर, फितूर पहारेकरी, चुकीच्या माणसावर खिळलेली नजर, रिकामा बिछाना. हिचकॉकच्या ‘द थर्टी नाइन स्टेप्स’ (१९३५) मध्ये एका निरपराध माणसाला खुनी समजून पोलीस त्याचा माग काढतात आणि हेरही त्याच्या जिवावर उठतात. राजा परांजपे यांच्या ‘पाठलाग’ (१९६४) मध्ये हेर नाहीत. पण पत्नीच्या मृत्यूचे दुःख बाळगणाऱ्या वकिलासमोर हुबेहूब तिच्याच चेहऱ्याची एक आरोपी स्त्री उभी राहते आणि आपण त्याची पत्नीच असल्याचे सांगते. याच कथेवर पुढे हिंदीत ‘मेरा साया’ (१९६६) निघाला.

३/२४
अशा चित्रपटांचा प्रेक्षकाशी एक अलिखित करार असतो. पात्रांची फसगत होवो, शेवटच्या रिळात खरा माणूस कोण ते कळणारच. इतिहासात असे शेवटचे रीळ नसते. तेथे एखाद्या माणसाच्या ओळखीचा वाद उभा राहिला, की निवाडा बहुधा गरजेच्या बाजूने झुकतो. कोणाला कोणते उत्तर हवे आहे, हे आधी ठरते आणि पुरावा मागाहून त्याच्या पंक्तीला बसतो. मराठी इतिहासातील तीन प्रकरणे ही गोष्ट फार स्पष्टपणे दाखवतात. त्यांतले मधले प्रकरण नागपूरचे आहे आणि सर्वांत कमी सांगितले जाणारेही तेच आहे.

४/२४
आधी भूगोल. नागपूरहून उत्तरेस निघालेला रस्ता कोराडीवरून जातो. आज कोराडी म्हटले की जगदंबेचे मंदिर, तलाव आणि औष्णिक वीज केंद्राच्या उंच चिमण्या डोळ्यांसमोर येतात. हाच रस्ता पुढे सावनेर, पांढुर्णा, मुलताई करीत बैतूलला पोहोचतो. सावनेरहून एक फाटा छिंदवाड्याकडे वळतो आणि त्याच्या पलीकडे महादेवाचे डोंगर, पचमढी. नागपूरच्या सत्तेला जेव्हा जेव्हा उत्तरेच्या डोंगरांतून धोका संभवला, तेव्हा तिची नजर याच दिशेला लागली. पुढील कथेत मुलताईचे नाव दोनदा येणार आहे, म्हणून ही दिशा ध्यानात ठेवावी.

५/२४
अप्पासाहेब, म्हणजे दुसरे मुधोजी, हे दुसऱ्या रघुजींचे पुतणे. १८१६ साली रघुजी वारले. त्यांचे पुत्र परसोजी राज्यकारभार पाहण्यास असमर्थ होते, त्यामुळे कारभार अप्पासाहेबांकडे आला. दरबारातील विरोधी गटाला शह देण्यासाठी त्यांनी त्याच वर्षी मे महिन्यात कंपनीशी तैनाती फौजेचा तह केला. ज्या तहाला रघुजींनी हयातभर नकार दिला होता, त्यावर पुतण्याने काही आठवड्यांत सही केली. रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्सच्या दृष्टीने अप्पासाहेब त्या दिवशी ‘मित्र’ होते.

६/२४
१ फेब्रुवारी १८१७ रोजी परसोजी मरण पावले. हा खून असावा अशी कुजबुज होती. परंतु रेसिडेन्सीने ती तडीस नेली नाही आणि अप्पासाहेब गादीवर आले. वर्षभराने, कंपनीशी युद्ध होऊन गेल्यावर, तोच मृत्यू खून म्हणून नव्याने पुढे आला आणि अप्पासाहेबांवरील मुख्य आरोपांपैकी एक ठरला. आरोप खोटा होता असे येथे सुचवायचे नाही. लक्षात घ्यायचे ते एवढेच की मृत्यू तोच होता, वारसही तोच होता. बदलली होती ती रेसिडेन्सीची गरज.

७/२४
मधल्या काळात अप्पासाहेबांचा पत्रव्यवहार पुण्याला बाजीरावांशी गुप्तपणे चालू होता. हेरकथेतील दुहेरी माणूस तो हाच : दिवसा रेसिडेंटशी मैत्रीची भाषा, रात्री पेशव्यांचे जासूद. नोव्हेंबर १८१७ मध्ये पुण्यात पेशव्यांनी युद्ध पुकारले. त्यांनी पाठवलेली सेनासाहेबसुभा या पदाची वस्त्रे अप्पासाहेबांनी २४ नोव्हेंबरला उघड समारंभाने स्वीकारली. मुखवटा त्या दिवशी गळून पडला. २६ आणि २७ नोव्हेंबरला सीताबर्डीच्या टेकड्यांवर लढाई झाली आणि संख्येने कितीतरी लहान असलेली कंपनीची फौज टिकून राहिली.

८/२४
अप्पासाहेबांना कठोर अटींवर काही काळ पुन्हा गादीवर बसवण्यात आले. मार्च १८१८ मध्ये नवी कारस्थाने उघड झाल्याचे सांगून जेन्किन्सने त्यांना अटक केली. जून महिन्यात रघुजींच्या मुलीच्या लहानग्या मुलाला तिसरे रघुजी म्हणून गादीवर बसवले गेले आणि त्याच्या नावाने कारभार रेसिडेंटच्या हाती गेला. या दोन घटनांच्या मध्ये रायचूरची रात्र येते. नवा राजा बसवायचा तर जुना राजा दूर आणि बंदोबस्तात असणे आवश्यक होते. नेमका तोच हातून निसटला.

९/२४
पहाऱ्यातील काही शिपाई पळालेल्या राजाबरोबर गेले. महादेवाच्या डोंगरांत हर्रईचे गोंड ठाकूर चैनशाह यांनी त्याला आश्रय दिला. जुलै १८१८ मध्ये कॅप्टन स्पार्क्सची तुकडी बैतूल भागात गोंड आणि अरब लढवय्यांनी जवळजवळ पूर्ण कापून काढली आणि मुलताई अप्पासाहेबांच्या पक्षाच्या हाती गेली. पाठ्यपुस्तकांत अप्पासाहेबांची कहाणी सीताबर्डीला संपते. डोंगरांतील माणसांसाठी ती सीताबर्डीनंतर सुरू झाली होती. या माणसांची नावे जेन्किन्सच्या कागदांत बहुधा ‘बंडखोर’ या एकाच शब्दाखाली येतात.

१०/२४
आता प्रश्न असा की, छायाचित्र नसलेल्या काळात पळालेला माणूस शोधायचा कसा? साधने तीन होती. पहिले, हुलिया : वय, उंची, वर्ण, चेहऱ्यावरील खुणा. दुसरे, हरकारे आणि बातमीदार यांचे जाळे, जे बातमीमागे पैसे घेत आणि म्हणून बातमी नसली तरी आणत. तिसरे, ज्याने त्या माणसाला प्रत्यक्ष पाहिले आहे असा साक्षीदार. पण राजाला जवळून पाहिलेले लोक म्हणजे त्याचेच नातलग आणि सेवक. त्यांची साक्ष निष्पक्ष कशी मानावी?

११/२४
ओळख पटवणे किती अवघड होते याचा एक नमुना त्याच मोहिमेत सापडतो. अप्पासाहेब १८१९ च्या आरंभी पचमढीकडून निघून अशीरगडाच्या आश्रयाला गेले. बरोबर पेंढारी पुढारी चीतू होता. गडाजवळच्या रानात चीतूला वाघाने मारले. त्याचा घोडा, खोगिराबरोबरच्या चिजा आणि शेवटी मिळालेले शीर यांवरून तो चीतूच असल्याची खात्री करून घेण्यात आली. मेलेल्या माणसाच्या बाबतीत एवढा खटाटोप लागत असेल, तर जिवंत, फिरत्या, वेश पालटणाऱ्या माणसाबद्दल खात्री कोण देणार?

१२/२४
एप्रिल १८१९ मध्ये अशीरगड पडला. अप्पासाहेब त्याआधीच निसटले होते. पुढे ते पंजाबात रणजितसिंगांच्या मुलुखात आणि हिमालयाच्या पायथ्याच्या संस्थानांत काही काळ राहिले. अखेर जोधपूरच्या महाराजा मानसिंगांनी त्यांना महामंदिरात आश्रय दिला. कंपनीने त्यांना स्वाधीन करण्याची मागणी केली. शरणागताला देता येत नाही, या भूमिकेवर मानसिंग ठाम राहिले. १८४० साली अप्पासाहेब जोधपुरातच वारले. चित्रपट येथे संपला असता. इतिहासात मात्र या माणसाचा दुसरा जन्म अजून व्हायचा होता.

१३/२४
१८४९ साली वऱ्हाडात एक माणूस उभा राहिला आणि त्याने आपण नागपूरचे माजी राजे अप्पासाहेब असल्याचे जाहीर केले. खऱ्या अप्पासाहेबांना जाऊन नऊ वर्षे झाली होती. तरीही त्याच्याभोवती माणसे जमली, त्यांत रोहिल्यांचा मोठा भरणा होता. त्याच्यावर निजामाच्या कंटिन्जंट फौजेला ब्रिगेडियर हॅम्प्टनच्या हाताखाली मोहीम काढावी लागली. लढाई झाली, खुद्द हॅम्प्टन जखमी झाला आणि हा ‘अप्पासाहेब’ पकडला गेला.

१४/२४
सामान्यतः येथे एकच शेरा मारून पुढे जाण्याची रीत आहे : तोतया होता, पकडला गेला. पण वऱ्हाड १८०३ च्या देवगावच्या तहाने भोसल्यांच्या हातून गेले होते. १८४९ मध्ये तेथे निजामाचा अंमल होता. इजारदारांची वसुली आणि पगार थकलेल्या भाडोत्री शिपायांचा उपद्रव यांनी प्रदेश गांजला होता. त्या माणसामागे जाणाऱ्या प्रत्येकाला तो खरा राजा वाटला असेल, हे मानण्याचे कारण नाही. बेरोजगार शिपायाला पुढारी हवा होता, त्रासलेल्या मुलुखाला जुना धनी हवा होता. ‘अप्पासाहेब’ ही त्या वेळी व्यक्ती राहिली नव्हती. ती रिकामी पडलेली जागा होती.

१५/२४
मराठी समाजाला ही जागा नवी नव्हती. त्यासाठी पाऊणशे वर्षे मागे जावे लागते. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडले. काशीराजाच्या वृत्तांतानुसार रणांगणावर सापडलेले एक शिरविरहित धड अंगावरील खुणांवरून भाऊंचे म्हणून ओळखले गेले आणि त्याला अग्नी देण्यात आला. पण पुण्यापासून शेकडो कोस दूर, परक्यांनी पटवलेली ही ओळख सर्वांच्या मनाला पटली नाही. भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई यांनी अखेरपर्यंत वैधव्याची चिन्हे धारण केली नाहीत.

१६/२४
त्या शंकेच्या फटीतून सुखलाल नावाचा एक कनोजी ब्राह्मण ‘भाऊसाहेब’ बनून आत शिरला. थोरल्या माधवरावांच्या काळात चौकशी होऊन तो तोतया ठरला आणि कैदेत पडला. १७७६ मध्ये रत्नागिरीचा सुभेदार रामचंद्र नाईक परांजपे यानेच त्याला बाहेर काढले आणि पाहता पाहता कोकणातील अनेक किल्ले त्याच्या हाती गेले. नारायणरावांचा खून झालेला, राघोबादादा इंग्रजांकडे गेलेले आणि पेशवेपदावर दोन वर्षांचे मूल. अशा घडीला ‘भाऊ परत आले’ ही बातमी कोणाला नको होती?

१७/२४
पुणे दरबाराने फौज पाठवून बंड मोडले. तोतया समुद्राकडे पळाला, तेथे आंग्र्यांनी त्याला धरले आणि पुण्यात आणले. पुन्हा चौकशी झाली, भाऊंना ओळखणाऱ्यांना विचारण्यात आले आणि डिसेंबर १७७६ मध्ये त्याला हत्तीच्या पायी दिले गेले. न. चिं. केळकरांनी या प्रकरणावर ‘तोतयाचे बंड’ हे नाटक लिहिले, त्यामुळे मराठी वाचकांना ते परिचित आहे. चौकशीचा निष्कर्ष खरा होता, यात शंका नाही. तरी माधवरावांच्या काळात कैदेवर भागलेल्या त्याच निष्कर्षाला १७७६ मध्ये देहांत का लागला, याचे उत्तर पुराव्यात सापडत नाही. ते बारभाईंच्या अडचणीत सापडते.

१८/२४
तिसरे प्रकरण १८५७ चे. कानपूरनंतर नानासाहेब पेशव्यांवर कंपनी सरकारने १ लाख रुपयांचे इनाम लावले. त्यांचा हुलिया सर्वत्र गेला. आता छापखाना होता, सचित्र वृत्तपत्रे होती, तारायंत्र होते. चूक कमी व्हायला हवी होती. झाले उलटे. नानासाहेबांचे म्हणून इंग्लंडात गाजलेले एक चित्र मुळात अयोध्याप्रसाद या मीरतच्या सावकाराचे होते, असे पुढे दाखवून दिले गेले. जॉन लँग या वकील-संपादकाशी या चित्राचा संबंध सांगितला जातो. नवे साधन आले, तेव्हा त्याने चूक सुधारली नाही. तिच्या हजारो प्रती काढल्या.

१९/२४
नागपुरात या काळात धास्ती होती. १८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी वारले आणि पुढच्या वर्षी डलहौसीने राज्य खालसा केले. राजवाड्यातील जडजवाहीर लिलावात गेले. जून १८५७ मध्ये नागपूरच्या घोडदळातील कट फसला आणि काहींना फाशी झाली. ऑक्टोबर १८५८ च्या अखेरीस तात्या टोपे आणि रावसाहेब नर्मदा ओलांडून दक्षिणेस आले आणि मुलताईपर्यंत पोहोचले. चाळीस वर्षांपूर्वी अप्पासाहेबांच्या पक्षाने घेतलेली हीच ती मुलताई. तेथून सावनेर, कोराडी आणि नागपूर ही सरळ वाट होती. ती वाट अडवली गेली आणि तात्यांना पश्चिमेकडे वळावे लागले.

२०/२४
त्यांच्याजवळ फौज थोडी उरली होती. परंतु पेशव्यांचे नाव होते. नागपूरच्या नव्या सरकारला भीती होती ती त्या नावाची. चार वर्षांपूर्वी राज्य गमावलेल्या शहरात ते नाव कोणाच्या कानी पडले तर काय होईल, हे कोणालाच सांगता येत नव्हते. एप्रिल १८५९ मध्ये तात्यांना शिवपुरीला फाशी दिली गेली. फाशी गेलेला माणूस तात्या नव्हतेच, असा दावा तेव्हापासून आजवर केला जातो. न्यायालयीन कागद एक सांगतात आणि लोकांची आशा दुसरे सांगते. दाव्याला भक्कम आधार नाही, पण तो टिकला का, याचे उत्तर पार्वतीबाईंच्या घरात आधीच मिळालेले आहे.

२१/२४
नानासाहेब नेपाळच्या तराईत गेले. १८५९ मध्ये ते तापाने वारल्याची बातमी आली, पण सरकारला खात्री झाली नाही. त्यानंतर अनेक वर्षे देशाच्या निरनिराळ्या भागांत साधू, बैरागी, वाटसरू ‘नानासाहेब’ म्हणून पकडले जात राहिले. १८७४ मध्ये खुद्द जयाजीराव शिंद्यांनी ग्वाल्हेरीत असा एक माणूस धरून इंग्रजांच्या स्वाधीन केला. त्याला कानपूरला नेऊन जुन्या ओळखीच्या लोकांसमोर उभे केले गेले. काही हो म्हणाले, काही नाही म्हणाले. शेवटी तो नानासाहेब नव्हे, असा निर्णय झाला. एक लाखाच्या इनामापायी किती निरपराध जिवांना बेड्या पडल्या असतील, याचा विचार या गमतीदार कथांत हरवून जातो.

२२/२४
पर्सिव्हल लँडन या इंग्रज लेखकाने सांगितलेला एक किस्सा प्रसिद्ध आहे. १८९५ च्या सुमारास एका तरुण अधिकाऱ्याने आपण नानासाहेबांना पकडल्याची तार कलकत्त्याला केली; वरून उत्तर आले की त्या माणसाला ताबडतोब सोडून द्यावे. किस्सा शब्दशः खरा असो वा नसो, त्यातील तर्क अचूक आहे. १८५८ मध्ये सरकारला नानासाहेब हवे होते, म्हणून ते सगळीकडे दिसत होते. चाळीस वर्षांनी ते नको होते, म्हणून समोर उभे असते तरी ते नानासाहेब ठरले नसते.

२३/२४
यावर एक रास्त आक्षेप येईल : मग पुराव्याला काही अर्थच नाही काय? अर्थ आहे. सुखलाल भाऊ नव्हता आणि १८४९ चा माणूस अप्पासाहेब नव्हता, हे पुराव्यानेच कळते. तोतयांना लोकनायक बनवण्याचेही कारण नाही. त्यांच्या बंडांत सामान्य माणसेच मेली. परंतु ‘खरा की खोटा’ एवढाच प्रश्न विचारून थांबणारा अभ्यासक तपासनीसाचे काम करतो. इतिहासाचा प्रश्न त्याच्या पुढचा आहे : या घडीला हा माणूस अमुक असावा, अशी गरज कोणाला होती? आज राणी लक्ष्मीबाईंचे वा नानासाहेबांचे ‘दुर्मिळ अस्सल छायाचित्र’ फोनवर येते, तेव्हाही हाच प्रश्न उपयोगी पडतो. अयोध्याप्रसादाचे चित्र ज्यांनी पाहिले, त्यांनाही ते अस्सलच वाटले होते.

२४/२४
कोराडीवरून मुलताईकडे जाणाऱ्या रस्त्यावर या कथेची आठवण करून देणारे काही सहसा डोळ्यांत भरत नाही. सीताबर्डीचा किल्ला कंपनीचा विजय सांगतो. डोंगरांतील वर्ष कोणी सांगत नाही. अप्पासाहेबांची जी ओळख पाठ्यपुस्तकांत उरली, खुनी, दगाबाज, पळपुटा, ती त्यांना कैद करणाऱ्या कार्यालयाच्या कागदांतून आलेली आहे. ती सारी खोटी नसेल, पण ती एका पक्षाने केलेली ओळखपरेड आहे, एवढे तरी तिच्याखाली लिहिले जावे. आणि १८४९ मध्ये वऱ्हाडात पकडलेला तो माणूस? विजेत्यांच्या लष्करी इतिहासांत तो आजही ‘अप्पासाहेब’ याच नावाने नोंदलेला आहे.